साडेचारची मोजणी

माझ्या बॅगेची चेन कोणी उघडली तर तो आवाज मला दोन खोल्या सोडूनही कळतो. त्या सोमवारी मी संडासातली बादली विसळत होते, नळ धो धो चालू होता, खाली सातपूरच्या रस्त्यावर टेम्पो रिव्हर्स घेत होता, तरी मला तो आवाज आला. बाहेर आले तर बाबा दाराजवळ स्टुलावर बसलेले. माझी बॅग त्यांच्या मांडीवर. एकेक वस्तू काढून टीपॉयवर ओळीनं मांडत होते. कंगवा. चार्जर. ओढणीच्या पिना. पॅडचं पाकीट. ते पाकीट त्यांनी बोटानं ढकलून कंगव्याच्या रेषेत नीट सरळ केलं आणि तिथं माझं डोकं गेलं. "मी चोर नाही," मी म्हटलं. म्हटलं म्हणजे ओरडलेच. बाबांनी वर बघितलं, आणि उजवा पंजा माझ्यासमोर उघडा धरला. मला वाटलं, अजून दाखव म्हणतायत, खिसे पण दाखव. मी बॅग हिसकावायला गेले. "दुसऱ्याच्या पोरीच्या बॅगेत हात घालताना काही वाटत नाही का? म्हणूनच तुमच्याजवळ कोणी थांबत नाही. बायकोपण सुटली एकदाची." शेवटचं वाक्य तोंडातून गेलं आणि मला ते गेलेलं दिसलं, उन्हात थुंकी दिसते तसं. परत घेता येत नाही अशी गोष्ट मी आयुष्यात बऱ्याचदा बोललेय, पण समोरच्याचा चेहरा असा बंद होताना पहिल्यांदा बघितला. ते ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी वस्तू काढल्या होत्या त्याच्या उलट्या क्रमानं परत बॅगेत घातल्या, चेन लावली, बॅग माझ्या हातात दिली, आणि भिंतीला धरत धरत आत जाऊन पलंगावर भिंतीकडे तोंड करून पडले.

बाबा म्हणजे सावळीराम बाबा, वय एकोणऐंशी, मूळचे सायखेड्याचे, ओझरच्या विमान कारखान्यात छत्तीस वर्षं फिटर. मी त्यांची दिवसाची केअरटेकर, सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच. मला कामाला पाठवणाऱ्या ब्युरोच्या ग्रुपवर सकाळी दारातला सेल्फी टाकायचा, ती हजेरी. रात्री त्यांचा मुलगा राकेशदादा झोपायला येतात, दहाला येतात, सातला जातात. त्यांचा फ्लॅट इंदिरानगरला आहे, तिकडे त्यांची बायको, पोरं. बाबांना तिकडे नेऊन बघितलं होतं, चार दिवसांत परत आले. ऑगस्टमध्ये बाबांची बायको शकुबाई वारल्या, हार्टनं, एका संध्याकाळी, काही ध्यानीमनी नसताना. तेव्हापासून बाबांचं बोलणं बंद. घसा चांगला, कान चांगले, फक्त बोलायचे नाहीत. "हं" एवढंच, ते पण मान हलवून काम भागत नसेल तर. विमान वरून गेलं की मात्र हनुवटी वर करायचे आणि आवाज पूर्ण संपेपर्यंत तशीच ठेवायचे. आणि दुपारी चारनंतर घरभर फिरायचे. ड्रॉवर उघड, ओट्याखालचं कपाट उघड, हात घाल, काहीतरी चाचप, बंद कर, परत उघड. राकेशदादा म्हणायचे, विसरायला लागलेत, कुठं काय ठेवलं कळत नाही. मला पण तसंच वाटायचं. खरं सांगायचं तर मला काहीच वाटायचं नाही, मी घड्याळाकडे बघायचे.

त्या संध्याकाळी बसमध्ये मी बॅग छातीशी धरून बसले आणि सारखी चार वर्षांपूर्वीची, नववीतली आठवण येत राहिली. मॅडमचा मोबाईल हरवला होता. झडती सुरू झाली ती आमच्या रांगेपासून, म्हणजे वस्तीतून येणाऱ्या पोरींपासून. माझं दप्तर टेबलावर उलटं केलं. चुरमुऱ्याचा पुडा पडला, फाटका मोजा पडला, आईनं जुन्या साडीच्या शिवून दिलेल्या घड्या पडल्या, पहिल्यांदाच चालू झालं होतं मला तेव्हा. पोरं बघत होती. मोबाईल मॅडमच्या स्कूटीच्या डिकीत सापडला. त्या हसल्या, म्हणाल्या, अगं बाई, मी पण ना. मी कंपासपेटी फळ्यावर फेकून मारली, काच फुटल्यासारखा आवाज झाला, आणि घरी आले ती परत गेले नाही. आई भेटायला गेली, तर तिला सांगितलं, मुलीला राग फार आहे. ते खोटं नाही. पण राग यायच्या आधी काय झालं, हे आजपर्यंत कोणी विचारलं नाही. आईनंसुद्धा नाही, ती अंबडला मसाल्याची पाकिटं भरते, घरी येते तेव्हा तिचे डोळे झणझणत असतात, कुठलं विचारणार. बसमध्ये मला वाटत होतं की माझंच बरोबर आहे. त्या उघड्या पंजाचंच काय ते समजत नव्हतं. चोराकडे असा हात कोणी धरतं का, बोटं सैल सोडून, प्रसाद घेतल्यासारखा?

मंगळवारी मी मुगाची खिचडी केली, पातळ, तूप घालून. बाबांनी तोंड भिंतीकडून हलवलं नाही. चहाचे दोन घोट घेतले, बशी सारली. दुपारी चार वाजले, साडेचार वाजले, ते उठले नाहीत. कपाटं कोणी उघडली नाहीत. मला ज्या खडखडाटाचा कंटाळा यायचा तो नव्हता आणि घर एकदम मोठं वाटायला लागलं. बुधवारी सकाळी राकेशदादा सातला न जाता माझ्यासाठी दारातच थांबलेले, हातात हेल्मेट. म्हणाले, "काल रात्री पण काही घेतलं नाही. डॉक्टरांशी बोललो. शनिवारपर्यंत असंच राहिलं तर दिंडोरी रोडला एक संस्था आहे, तिथं चोवीस तास माणसं असतात, तिथं ठेवू म्हणतोय. फॉर्म आणलाय." मग बूट घालता घालता, माझ्याकडे न बघता, "तुमच्यासमोर सोमवारी काही झालं का? पडले वगैरे?" मी म्हटलं, "नाही." इतकं सहज म्हटलं की माझं मलाच गार वाटलं. ते गेल्यावर मी आत जाऊन बाबांच्या पाठीकडे बघत उभी राहिले. बनियनच्या आत मणके मोजता येत होते. शनिवार म्हणजे तीन दिवस. हा माणूस स्वतःच्या घरातून जाणार, आणि कशामुळे, तर माझ्या एका वाक्यामुळे, आणि हे जगात दोनच माणसांना माहीत, त्यातला एक बोलत नाही.

योगिनी सिस्टर ब्युरोच्या नर्स. दर बुधवारी स्कूटीवरून येतात, बीपी बघतात, माझी वही बघतात. आतापर्यंत मला त्या नुसत्या तपासायला येतात असं वाटायचं. त्या दिवशी पहिल्यांदा मी त्यांना नीट बघितलं. त्या पलंगावर बसल्या नाहीत, बाबांच्या तोंडाच्या बाजूला, भिंत आणि पलंग यांच्यामधल्या सांदीत, खाली फरशीवर मांडी घालून बसल्या. विचारलं, "बाबा, हात धरू का?" आणि थांबल्या. मला वाटलं आता धरतील. नाही धरला. किती वेळ गेला कोण जाणे, माझ्या पायाला मुंग्या आल्या. मग बाबांचा हात चादरीखालून दोन बोटं पुढे सरकला, तेव्हा त्यांनी धरला. जीभ बघितली, मनगटावरची कातडी चिमटीत धरून सोडली, बीपी घेतलं, डॉक्टरांना फोन केला, साखर-मिठाचं पाणी चमच्यानं दिलं, सहा चमचे, प्रत्येक चमच्याआधी "देऊ?" विचारून. एवढं विचारून कोणी मला कधी पाणी पाजलं नाही. मग किचनमध्ये आल्या, वही उघडली. माझ्या वहीत असायचं: बीपी, गोळ्या, संडास झाली, जेवले. त्यांनी विचारलं, "सोमवारपासून काय झालं?"

मी सगळं सांगून टाकलं. ओट्याच्या कडेला नखानं खरवडत सांगितलं, शेवटचं वाक्य पण. सिस्टरांचे डोळे क्षणभर मिटले. मी म्हटलं, "काढणार का मला?"

"ते नंतर बघू. बॅग उघडायच्या आधी काय करत होते?"

"कोण?"

"बाबा, दुसरं कोण. बॅग उघडली हे शेवटचं. त्याच्या आधीचं सांग. किती वाजले होते, कुठं होते, हात कुठं होता. तुझे डोळे चांगले आहेत, मला माहितीय."

मी सांगायला लागले आणि मला स्वतःलाच नवल वाटलं की सगळं माझ्याकडे होतं. रोज चारला उठतात. आधी ओट्याखालचं कपाट. मग ड्रॉवर. मग बाथरूम. परत कपाट. बोटांनी काहीतरी मोजतात. मग दाराजवळ येऊन उभे राहतात आणि कोणाची तरी वाट बघत असल्यासारखं माझ्याकडे बघतात. मी मोबाईल बघत असते. परत कपाटाकडे जातात. असं पाच वाजेपर्यंत. सोमवारी मी आत बादली विसळत होते, दाराजवळ फक्त बॅग होती. सिस्टर मध्ये एकदाही बोलल्या नाहीत. शेवटी म्हणाल्या, "ते काय शोधतात मला माहीत नाही. पण रोज एकाच वेळी माणूस काही करतो म्हणजे ते येडेपणानं नाही करत. शोध तू. आणि तुला राग आला त्यात गैर नाही. पुढच्या वेळी तोंड मिटून दहा मिनिटं गॅलरीत जाऊन उभी राहा. पण परत आत ये. तेवढं कर." मग स्कूटीची किल्ली शोधत, "ते बोलले तर लगेच समजूत घालायला जाऊ नको. ऐक नुसतं." त्या गेल्यावर मी ओट्याला टेकून रडले, म्हणजे डोळ्यांतून आपोआप पाणी. कोणीतरी विचारलं होतं. शेवटचं नाही, त्याच्या आधीचं. ते त्यांनी बाबांबद्दल विचारलं होतं, पण मला दोघांबद्दल विचारल्यासारखं वाटलं. सिस्टरांना हे कळलं असेल का, मी कधी सांगितलं नाही.

गुरुवारी दुपारी मी ओट्याखालचं कपाट उघडून त्याच्यासमोर फतकल मारून बसले. दाराच्या आतल्या बाजूला काळ्या ऑइलपेंटनं आकार काढलेले होते, ते मी महिनाभर बघत होते, मला वाटायचं राकेशदादांच्या पोरांनी रंगवलंय. प्रत्येक आकाराच्या वर एक खिळा, खिळ्याला वस्तू. कात्रीच्या आकारावर कात्री, पकडीच्या आकारावर पक्कड. अडकित्त्याला अडकित्त्याची सावली. वस्तू काढली की तिची काळी सावली मागे राहते, लगेच कळतं काय जागेवर नाही. दाराच्या कडेला सुतळीनं बांधलेली लांबट वही लोंबत होती, ती मला दुधाची वाटायची. उघडली. रेघा पट्टीनं मारलेल्या. दिनांक, वेळ, नग, मोजणारा, पाहणारा. रोज वेळ साडेचार. रोज नग बारा. मोजणाऱ्याच्या रकान्यात सावळीराम, पेन न उचलता जोडून काढलेलं. पाहणाऱ्याच्या रकान्यात सुटी सुटी मोठी अक्षरं, श कु बा ई, ई कधी रेघेच्या वर, कधी खाली. पानंच्या पानं. मागे कपाटात अशा जुन्या वह्यांचा गठ्ठा होता. आणि ऑगस्टच्या एका शुक्रवारी श कु, आणि बा वेडावाकडा होऊन खालच्या ओळीत घसरलेला, ई नाहीच. त्यानंतर रोजची तारीख, रोज साडेचार, रोज बारा, रोज सावळीराम, आणि पाहणाऱ्याचा रकाना रिकामा. तीन महिने. मी त्या रकान्यांवरून बोटानं खालपर्यंत उतरले. सोमवारच्या ओळीत नगापर्यंत लिहिलं होतं, सही नव्हती. त्यानंतर काही नाही. माझं बोट तिथंच राहिलं. काही हरवलंच नव्हतं. बाराच्या बारा वस्तू रोज सापडत होत्या त्यांना. दाराजवळ येऊन ते माझ्याकडे बघायचे ते एवढ्यासाठी की कोणीतरी उठून यावं, बघावं आणि बरोबर म्हणावं. आणि मी मोबाईलमध्ये.

साडेचार वाजले होते. काय करायचं ते मला सुचलं नाही, म्हणून जे समोर होतं ते केलं. मोठ्यानं मोजायला लागले. "कात्री एक. पक्कड दोन. स्क्रूड्रायव्हर तीन, चार. पाना पाच. हातोडी सहा. नेलकटर सात. अडकित्ता आठ. किसणी नऊ. साल काढायचं दहा. लायटर अकरा." माझा आवाज मला शाळेतल्यासारखा वाटत होता, पाढे म्हणताना असायचा तसा, उगाच वर चढलेला. आतून काही नाही. मी म्हटलं, "अकरा नग, बाबा." खाली कोणीतरी स्कूटरला किक मारत होतं, तिसऱ्या किकला सुरू झाली. मग आतल्या खोलीतून, भिंतीला आपटून आल्यासारखा, गंजलेला आवाज आला. "बारा."

मी हलले नाही. "अकराच आहेत."

"बारा हायेत. सांडशी धरली का?"

सांडशी गॅसवर दुधाच्या पातेल्याला लावलेली. मीच ठेवली होती सकाळी. मी ती पुसून खिळ्याला टांगली, तिच्या सावलीवर ती बरोबर बसली. "बारा," मी म्हटलं. "शिकेल हळूहळू," आतून आवाज आला, मला नाही, भिंतीला सांगितल्यासारखा. त्या संध्याकाळी त्यांनी अर्धी वाटी खिचडी खाल्ली. मी वहीत लिहिलं, जेवले अर्धी वाटी, आणि खाली लिहिलं, बारा म्हणाले. चार वर्षांत मी काही लिहिलेलं नव्हतं या वहीतल्या गोळ्या-बीपीशिवाय. अक्षर घाण आलं, पण खोडलं नाही.

शुक्रवारी सकाळी ते उठून बसले. मी ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी दिली, त्यांनी एक भाकरी चहात बुडवून बुडवून खाल्ली आणि चटणीकडे बघून म्हणाले, "मीठ लय." मी खूश झाले, तक्रार करायला तरी तोंड उघडलं. साडेचारला भिंत धरत किचनपर्यंत आले, स्टूल ओढून बसले. त्यांनी मोजलं, मी बघितलं. मग मी वही काढली, आणि पेन हातात घेऊन थांबले. पाहणाऱ्याच्या रिकाम्या रकान्यांवर माझा हात जाईना. ते म्हणाले, "तिच्या खाली नको. नवीन पान घे." मी पान उलटलं. पट्टी त्यांनीच धरली, रेघा मी मारल्या. आणि मी रेघा मारत असताना ते बोलायला लागले, आधी तुकडे तुकडे, मग सलग. "आमच्यात साडेचारला पाळी सुटायची. पण मोजल्याबिगर कोणी गेटच्या भायेर जायचं नाय. एक पाना जरी विमानात राहिला ना, तर वर गेल्यावर काय व्हतं? माणूस मरतं. म्हणून मोजायचं. एकानं मोजायचं, दुसऱ्यानं बघायचं, एकट्याचं धरत नाय. आन् बॅगा उघडायच्या. साहेब असू दे नायतर झाडूवाला असू दे. चोर म्हणून नाय गं. राहिलं काय म्हणून." मी पट्टी सोडली. चोर म्हणून नाही, राहिलं काय म्हणून. माझ्या अंगातून काहीतरी खाली उतरत गेलं, चार वर्षांचं, आणि जागा झाली. मॅडमनी केली ती झडतीच होती, ती काही आता वेगळी होणार नाही. पण बॅग या कारणासाठी पण उघडतात, हे मला कोणी सांगितलंच नव्हतं.

मग त्यांनी ऑगस्टचं ते पान काढलं. "रिटायर झालो तर हात खाजवायचे साडेचारला. ती म्हणाली, माझं मोजा. तवापासून रोज. मोजलं की च्या. त्या दिशी म्हणाली, आज माझं ऱ्हाऊ द्या, अंग जड झालंय. मला राग आला. म्हटलं, दोन मिनिटाचं काम हाय. उठवली मी तिला. उभं केलं हितं." त्यांनी ओट्यासमोरच्या फरशीवर बोट दाखवलं. "सही केली तिनं. मी वही घेतली आन् म्हटलं, नीट काढ की. मग ती बसली खाली." माझ्या तोंडात वाक्य तयार होतं, बाबा, यात तुमची काय चूक, हार्टचं कोणाला कळतं. ते वाक्य खरं पण होतं. सिस्टर आठवल्या आणि मी दात दाबून धरले. मी फरशीकडे बघत राहिले, त्यांनी बोट दाखवलेल्या जागेकडे, तिथं काहीच नव्हतं, एक मुंगी चालली होती. त्यांचं नाक वाहायला लागलं, मी ओढणीचं टोक पुढे केलं, त्यांनी ते घेतलं. मग मी म्हटलं, "मी सोमवारी तुमच्यावर ओरडले."

"ऐकलं. बहिरा नाय मी."

"ते बायकोचं मी..."

"सुटली म्हणाली तू." त्यांनी ओढणी परत दिली. "माझ्यातनं खरंच सुटली असंल, असं वाटलं मला. पडल्या पडल्या त्येच." मग माझ्याकडे नीट बघितलं, पहिल्यांदाच बहुतेक. "तुला बी लय राग हाय. नाकावर. माझ्यासारखाच. जपत जा." त्यांनी सही केली. मी शेजारच्या रकान्यात माझं नाव लिहिलं, अंजली, आणि ते बघून म्हणाले, "बरोबर." मग मी चहा टाकला. मोजलं की च्या.

शनिवारी राकेशदादा साडेचारला आले. दोन दिवस रात्री दहाला आले आणि सकाळी सातला गेले तेव्हा बाबा झोपलेलेच होते, त्यामुळे दादांना काही माहीत नव्हतं. गाडी आणतो, तुम्ही कपडे भरून ठेवा, आणि आल्यावर फॉर्मवर त्यांचा अंगठा किंवा सही घेऊ, असं सगळं एका दमात माझ्याशी बोलले आणि वळले, तर दारात बाबा उभे. एक हात चौकटीला, दुसरा पंजा उघडा, पुढे. राकेशदादांचं तोंड लाल झालं. मला तो लाल रंग ओळखीचा होता. "अप्पा, हे काय, मला उशीर होतोय, हात काढा," ते म्हणाले, आणि पुढे काय येणार ते मला कळलं, असंच काहीतरी जे मग परत घेता येत नाही. मी मध्येच म्हटलं, "दादा, पाळी सुटलीय. मोजल्याशिवाय नाही सोडत कोणाला. मला पण नाही. खिसे रिकामे करा." माझा आवाज चढला होता, तो चढतोच. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की बास. पण केले रिकामे. किल्ल्या, पाकीट, मोबाईल, दोन पेनं, खोकल्याची गोळी, आणि घडी केलेला फॉर्म. बाबांनी एकेक ओळीनं लावलं. फॉर्म उघडला, चष्मा घातला, शेवटपर्यंत वाचला. ओठ हलत होते. मग म्हणाले, "नाव बरोबर हाय. जन्मतारीख चुकली." आणि त्याच घडीवर परत घडी घालून मुलाच्या हातात दिला. "हे आपल्यातलं नाय. जाताना घेऊन जा. आत काय ऱ्हायला नको."

राकेशदादा खुर्चीवर बसले. "अप्पा, तुम्ही बोलताय," म्हणाले. मग, "तुम्ही जेवत नव्हता. मी काय करणार होतो?" त्यांचा आवाज फाटला, पन्नाशीच्या माणसाचा असा आवाज मी ऐकला नव्हता. मी म्हटलं, "आज दीड भाकरी खाल्ली. काल एक. आणि दादा, जेवत नव्हते ते माझ्यामुळं. सोमवारी मी त्यांना नको ते बोलले. बुधवारी तुम्ही विचारलं तर खोटं सांगितलं. ब्युरोला कळवायचं तर कळवा." बाबा म्हणाले, "बॅग मी उघडली तिची, न विचारता. तिचं बी चुकलं, माझं बी. मिटलं ते." राकेशदादांनी फॉर्मची घडी अंगठ्यानं दाबली. मग तो त्यांनी शर्टाच्या खिशात घातला, बूट काढले, मोजे काढले, आणि उठून किचनमध्ये गेले. कपाटाच्या दारासमोर वाकून उभे राहिले. वही त्यांनी पहिल्यांदा उघडली होती. आईची अक्षरं बघितली असणार, कारण पाठ हलली. "मी करू का सही?" त्यांनी तिथूनच विचारलं.

"मोजलं का?" बाबा म्हणाले. "मोजल्याबिगर सही नाय. मोठ्यानं मोज."

राकेशदादा मोजायला लागले. मी चपला घातल्या. माझी वेळ झाली होती आणि तिथं माझं काही काम नव्हतं. बाबांनी माझ्याकडे बघून मान हलवली, जा म्हणून, आणि परत किचनकडे कान केला. मी दार हळूच ओढून जिन्यात आले. संध्याकाळची थंडी जिन्यात आधीच भरली होती, सगळ्या मजल्यांवर कोणाकोणाच्या फोडणीचा वास. मी योगिनी सिस्टरांना फोन लावला. त्या गाडीवर होत्या, बाजूला थांबल्या, हॉर्न ऐकू येत होते. मी सगळं सांगितलं, उलटसुलट, आधी दीड भाकरी, मग फॉर्म, मग खोटं बोलले ते, मग राकेशदादा मोजतायत ते. मला थँक्यू म्हणायचं होतं. ते सांगायला किती तरी शब्द जुळवले होते मी जिना उतरताना, त्यातला एकही आला नाही, नुसतीच "सिस्टर, ते..." म्हणून थांबले. त्या पण थांबल्या, ऐकत होत्या, नेहमीसारख्या, मध्ये न बोलता. मग म्हणाल्या, "बरं. आणि तू जेवलीस का आज?"

मी आठवायला लागले. बाबांचे चमचे, वाट्या, भाकऱ्या मला आठवडाभराच्या तोंडपाठ होत्या. माझं काही आठवेना. सकाळी आईनं भरून दिलेला डबा बॅगेत तसाच होता. "नाही," मी म्हटलं. "मग बस तिथंच, खा आधी," सिस्टर म्हणाल्या, "मी थांबते फोनवर." मी पायरीवर बसले. पोळी गार होऊन कडक झाली होती, भाजीचं तेल झाकणाला लागलेलं. कानाला फोन, पलीकडे रस्त्याचा आवाज आणि सिस्टरांचा श्वास, आणि मी एकेक घास चावून चावून गिळत होते.